सावलीचे कापड आणि हातांवरचे घट्टे

नागपूरच्या एका २९ वर्षांच्या वाचक मैत्रिणीचे पत्र आले आहे. त्या एका खासगी कंपनीत हिशेबाचे काम करतात आणि गेली चार वर्षे रात्री जागून एक कादंबरी लिहीत आहेत. कादंबरीतला देश पूर्णपणे काल्पनिक आहे. तिथे वर्षाचे दहा महिने उन्हाळा असतो, झाडे मोजकीच उरली आहेत, आणि ‘छायातंतुशिल्पी’ नावाचे कारागीर वस्तूंच्या सावलीतून धागा ओढून त्याचे कापड विणतात. ते कापड डोक्यावर घेतले की भर दुपारीही माणूस गारव्यात चालू शकतो. सकाळ-संध्याकाळच्या सावलीतून लांब धागा निघतो, दुपारच्या सावलीतून तोकडा. आणि जिची सावली काढून घेतली त्या वस्तूची सावली पुढच्या अमावास्येपर्यंत पडत नाही. असे नियम त्यांनी चाळीस पानांत लिहून ठेवले आहेत. नायिका ही एक अनाथ मुलगी असून तिच्या बोटांत जन्मतःच ही शक्ती आहे. तिने नुसता स्पर्श केला तरी सावलीचा धागा होतो, आणि शेवटी ती एका रात्रीत सगळ्या नगराला पुरेल एवढे कापड विणून उन्हाच्या राक्षसाला हरवते.

पत्रलेखिकेचे आजोबा आणि वडील हातमागावर विणत असत. बावीस वर्षांपूर्वी माग विकला गेला. आडवा धागा इकडून तिकडे नेणारा एक धोटा तेवढा घरात कपाटावर राहिला. वडील आता किराणा दुकान चालवतात. पहिली तीन प्रकरणे त्यांना वाचून दाखवल्यावर ते बराच वेळ गप्प बसले आणि मग म्हणाले, “पोरीच्या हाताले घट्टेच नाहीत.” त्यानंतर त्यांनी कादंबरीचा विषय काढलेला नाही. एका मैत्रिणीचे म्हणणे असे की कारागीर नायिका कोण वाचणार, तिला योद्धा करावे. दुसऱ्या मित्राच्या मते जादू हा पळपुटेपणा आहे, लिहायचे तर खऱ्या विणकरांवर लिहावे. पत्रलेखिका विचारतात की त्यांनी वडिलांना दुखावले आहे का, नायिकेचा व्यवसाय बदलावा का, की हे लिखाणच थांबवावे.

प्रिय मैत्रिणी,

तुमचे पत्र मी दोनदा वाचले आणि दोन्ही वेळा बाबांच्या त्या एका वाक्यापाशी थांबले. तुम्ही ते नापसंती म्हणून ऐकलेत. मला ते तसे ऐकू येत नाही. एखादी गोष्ट आवडली नाही पण लेकीचे मन मोडायचे नाही, असे असेल तर आपल्याकडची माणसे “छान लिहिलंस” म्हणतात आणि उठून कामाला लागतात. तुमचे बाबा उठले नाहीत. ते गप्प बसले आणि मग नायिकेच्या हातांविषयी बोलले. याचा अर्थ त्यांनी त्या मुलीला खरी मानले, तिला मागावर बसलेली पाहिली, आणि पाहताना त्यांची नजर आयुष्यभराच्या सवयीने जिथे जायची तिथेच गेली. घट्टे शोधावेसे वाटावेत इतकी ती मुलगी तुम्ही जिवंत केली आहे, आणि ते सापडू नयेत इतकी ती अजून अपुरी आहे. या दोन्ही गोष्टी एकाच वाक्यात सांगणारा पहिला वाचक तुम्हाला घरात मिळाला आहे.

तुमच्या पत्रात एक गृहीत आहे, जे तुम्ही कुठेही स्पष्ट लिहिलेले नाही पण ज्यावर सगळी कथा उभी आहे: जादू आली की कष्ट संपतात. नायिकेने स्पर्श केला, धागा झाला. इतर कारागिरांना दिवसभर लागतो ते तिला क्षणात जमते, आणि हेच तिचे मोठेपण आहे असे तुम्ही मानले आहे. मला मात्र असे वाटते की अद्भुत आणि घाम यांचे इतके वैर नसते, आणि त्याचा दाखला आपल्या शहराच्या रस्त्यांवरून दर वर्षी मिरवत जातो. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी काळी आणि पिवळी मारबत निघते, लोक “इडा, पिडा, रोगराई घेऊन जा गे मारबत” म्हणत वर्षभराची दुखणी त्या पुतळ्यांवर सोपवतात, आणि शेवटी पुतळे जाळले जातात. एकोणिसाव्या शतकापासून नागपूर हे करत आले आहे. एका शहराची पीडा अंगावर घेऊन जळून जाणारी वस्तू, याहून अधिक जादूची वस्तू तुमच्या काल्पनिक देशात तरी कोणती असेल? तरीही ती कोणीतरी बसून बांधलेली असते. सांगाडा तासून जुळवावा लागतो, चेहरा रंगवावा लागतो, आणि उद्या हे सगळे राख होणार हे ठाऊक असताना रंगवावा लागतो.

महाल भागातल्या चितार ओळीत, म्हणजे मूर्तिकारांच्या गल्लीत, गणपतीच्या आधीच्या आठवड्यात मी एकदा पूर्ण संध्याकाळ उभी होते. एक वयस्कर मूर्तिकार डोळ्यांची आखणी करत होते. वरच्या ताडपत्रीवर पावसाची रिपरिप चालली होती आणि गिऱ्हाईक भाव विचारत होते, पण त्यांचे कोणाकडेच लक्ष नव्हते. डाव्या हाताची करंगळी मूर्तीच्या गालावर टेकवून ते तिच्या आधाराने कुंचल्याचा हात स्थिर ठेवत. ओळीतून टेम्पो आला की पाट किंचित हादरे, म्हणून टेम्पो पुढे जाईपर्यंत ते कुंचला हवेत धरून थांबत, आणि मग श्वास रोखून एकच रेघ ओढत. डावा डोळा झाला, उजवा झाला, आणि इतका वेळ रंगवलेली माती असलेली ती वस्तू आमच्याकडे पाहू लागली. जादूच्या इतक्या जवळ मी दुसरीकडे कुठे गेलेली नाही. आणि मला आजही आठवतो तो पाहणारा गणपती जितका, तितकाच टेम्पो जाण्याची वाट पाहणारा तो हवेतला कुंचला. तुमच्या नायिकेला अशी वाट कुठे पाहावी लागते? तिचा टेम्पो कोणता? तीन प्रकरणांच्या सारांशात मला तो दिसला नाही.

एक घरची आठवण सांगते. माझ्या आईच्या ट्रंकेत करवती काठाची एक टसर साडी होती. विदर्भात हे काम जुने आहे. ऐन आणि अर्जुनाच्या झाडांवर वाढणाऱ्या किड्यांच्या कोशांतून टसरचा धागा निघतो आणि भंडाऱ्याकडे मोहाडीच्या परिसरात या साड्या विणल्या जातात. करवतीचे दात छापलेले नसतात आणि भरतकामानेही येत नाहीत. अंगाच्या बाण्याचा, म्हणजे आडव्या धाग्याचा, एक धोटा आणि दोन काठांचे दोन, असे तीन धोटे चालतात, आणि प्रत्येक फेरीला काठाचा धागा अंगाच्या धाग्यात अडकवून मागे वळवावा लागतो. त्या अडकण्याच्या जागी दात तयार होतात. लहानपणी मी त्या दातांवरून नख फिरवत असे, आणि पदरापासून वीतभर अंतरावर दोन दात एकमेकांना चिकटलेले आहेत हे मला पाठ झाले होते. आई म्हणायची, “इथे विणणाऱ्याला कोणीतरी हाक मारली असेल.” सगळ्या साडीत मला तेवढीच जागा माणसाची वाटायची.

तुमच्या सावलीच्या कापडात अशी चूक कशी दिसेल याचा विचार करा. एक फेरी सुटली तर तिथून ऊन झिरपेल, ते कापड पांघरून चालणाऱ्याच्या खांद्यावर रेघेसारखा चट्टा उठेल, आणि ती रेघ पाहून गावातला जाणता माणूस सांगेल की हे कापड अमक्या घरचे, आणि ज्या दिवशी विणले त्या दिवशी त्या घरात आजारपण होते. नायिकेच्या हातून अशी चूक झाली, तिला ती ठाऊक आहे, आणि कापड विकले गेले आहे; एवढ्या एका प्रसंगातून तुमच्या चाळीस पानांच्या नियमांपेक्षा वाचकाला या व्यवसायाविषयी अधिक कळेल.

आणि घट्टे. बाबांनी जे मागितले आहे ते अक्षरशः द्या, पण त्यांच्या हातांवरचेच घट्टे नायिकेच्या हातांवर चिकटवू नका, कारण ती सूत ओढत नाही, सावली ओढते. प्रत्येक काम शरीरावर आपली खूण करते. टसरचा धागा कोशातून काढून उघड्या मांडीवर वळण्याची एक जुनी पद्धत आहे; ते काम बायका करत आल्या, आणि त्याने मांडीचे कातडे सोलवटून निघे. ती रेशमी चमक पाहणाऱ्याला हे कधी दिसत नाही. सावलीचा धागा जर गार असेल, तर तीस वर्षे तो ओढणाऱ्याची बोटे बधिर होतील. अशा म्हातारीला तव्यावरची भाकरी बोटांनी उलटता येईल, चटका बसणार नाही, पण नातवाच्या कपाळावर हात ठेवल्यावर त्याला ताप आहे की नाही हे तिला कळणार नाही. शेजारणीला बोलवावे लागेल. तुम्हाला याहून चांगले सुचेल, कारण तो देश तुमचा आहे. मी एवढेच सुचवते की गारवा विणणाऱ्या माणसाच्या देहात त्या गारव्याने काय केले, हे आधी ठरवा आणि मग पहिले प्रकरण पुन्हा लिहा.

आता ज्या गोष्टीसाठी मी या पत्राला सविस्तर उत्तर द्यायचे ठरवले, तिच्याकडे येते. तुम्ही कच्चा माल म्हणून सावली निवडली आहे. नागपूरच्या माणसाला ही कल्पना पटकन पटते, कारण मे महिन्यात पारा ४५ अंशांपलीकडे गेला की सिग्नलच्या पांढऱ्या रेषेपाशी कोणी थांबत नाही; सगळ्या दुचाक्या चाळीस पावले मागे, कडुलिंबाची सावली जिथे संपते तिथे, दाटीवाटीने उभ्या असतात. सावलीचे मोल आपल्याला शिकवावे लागत नाही. पण मराठीत ‘सावली’ हा शब्द एवढाच अर्थ घेऊन येत नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लाहोरच्या परिषदेसाठी लिहिलेले आणि प्रत्यक्षात कधीच न झालेले भाषण १९३६ साली स्वतः छापले. पेशवाईत समोरून सवर्ण हिंदू येत असेल तर अस्पृश्य माणसाला सार्वजनिक रस्ता वापरता येत नसे, कारण त्याच्या सावलीचा विटाळ मानला जाई, ही गोष्ट त्यांनी तिथे नोंदवली आहे. ज्या शहरात १४ ऑक्टोबर १९५६ रोजी त्यांच्याबरोबर लाखो लोकांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली, त्या शहरात बसून तुम्ही सावलीवर कादंबरी लिहीत आहात. तुमच्या वाचकांपैकी कोणाच्या तरी पणजोबांची सावली टाळली गेलेली असेल. तो वाचक तुमचे पहिले पान वाचताना विचारणारच की या देशात माणसांच्या सावल्यांचेही कापड होते का, आणि होत असेल तर कोणाच्या सावल्यांचे.

हे वाचून कल्पना सोडून देऊ नका. माझ्या मते तुमच्या हातात असलेली ही सर्वांत मोठी गोष्ट आहे, आणि तुम्ही अजून तिच्याकडे पाहिलेले नाही. ज्याला उंबरठ्याच्या आत घेत नाहीत त्याचीच सावली विणून डोक्यावर पांघरणारा श्रीमंत माणूस तुमच्या देशात असू शकतो. कर्ज फेडता येत नाही म्हणून स्वतःची सावली वर्षभरासाठी गहाण टाकणारा बाप असू शकतो, आणि सावली नसलेला माणूस म्हणून गावात त्याच्याकडे कसे पाहिले जाते हेही असू शकते. यांतले काय घ्यायचे ते तुम्ही ठरवा आणि घाईने ठरवू नका; पण शब्द निरागस आहे असे मानून पुढे जाऊ नका.

याच भाषणात बाबासाहेबांनी म्हटले आहे की जातिव्यवस्था ही नुसती श्रमांची विभागणी नसून ती श्रमिकांची विभागणी आहे. हे मी नायिकेच्या ‘जन्मजात शक्ती’मुळे लिहीत आहे. जादूच्या गोष्टींत हा धागा इतक्यांदा येतो की आपण तो तपासत नाही. पण कसब रक्तात असते, ही समजूत आपल्याकडे निर्दोष कधीच नव्हती. तिच्याच जोरावर एका मुलाला शिकायची इच्छा असताना मागावर बसवले गेले आणि दुसऱ्याला इच्छा असून मागाजवळ येऊ दिले नाही. बाबांना विचारा की त्यांना पहिले विकण्याजोगे कापड विणायला किती दिवस लागले आणि त्याआधी किती सूत वाया गेले. कोष्ट्याच्या घरात जन्मलेल्या मुलालाही हात बसवावाच लागतो, तो बसलेला येत नाही. तुमची नायिका शिकलेली असू द्या. ती अनाथ आहे, म्हणजे बाहेरून आलेली आहे. मग तिला हे काम शिकवायचे की नाही यावरून कारागिरांच्या वस्तीत भांडण होऊ द्या. ते भांडण राक्षसाशी होणाऱ्या युद्धापेक्षा वाचकाला अधिक धरून ठेवील.

तिला एकटी ठेवू नका, हेही याच ओघात सांगते. कापडावर नाव एकाचे असले तरी हातमाग सगळ्या घराने चालतो. कोणी कांड्या भरते, कोणी ताण्याला, म्हणजे उभ्या धाग्यांना, खळ लावते, पोरे तुटलेली टोके शोधून देतात, आणि पाऊस आला की ओला ताणा वाळत नाही म्हणून सगळेच खोळंबतात. तुमच्या देशात खळीची जागा कोण घेते? सावलीचा धागा ताठ राहावा म्हणून त्याला काय पाजतात? आणि ढगाळ दिवशी, जेव्हा कुठल्याच वस्तूची सावली पडत नाही, तेव्हा हे लोक काय खातात? दहा महिन्यांच्या उन्हाळ्यात सगळे नगर ज्या ढगांची वाट पाहते, ते आले की याच वस्तीची चूल बंद पडते. हा पेच तुमच्या नियमांत आधीपासून आहे, तुम्ही तो वापरलेला नाही.

पैशांविषयी थोडक्यात लिहिते. तुमच्या हस्तलिखितात कारागीर कापड विणतो आणि राजा त्याला सोन्याच्या मोहरा देतो. हातमागावर असे क्वचितच घडले. व्यापाऱ्याने सूत द्यायचे, विणकराने कापड विणून द्यायचे आणि नगावर मजुरी घ्यायची, ही रीत तुमच्या घरानेही पाहिली असेल. झाड एकाचे, धागा दुसऱ्याचा, कष्ट तिसऱ्याचे, अशी मांडणी केलीत की राक्षसाची गरज बरीच कमी होईल. नागपुरात जमशेदजी टाटांची एम्प्रेस मिल १ जानेवारी १८७७ रोजी सुरू झाली. गिरण्यांच्या स्वस्त कापडाने हातमागाचे गिऱ्हाईक नेले आणि त्याच गिरण्यांचे सूत हातमागांवरही आले. एकाच गोष्टीने मारले आणि जगवलेही. तुमच्या बाबांचा माग कोणत्याही राक्षसाने नेला नाही. तो विकावा लागला, आणि विकत घेणारा बहुधा चांगला माणूस होता.

तुमच्या दोन मित्रांच्या सल्ल्यांपैकी योद्ध्याचा सल्ला बाजूला ठेवा. तलवार चालवणाऱ्या नायिका लिहायला इतर लोक आहेत, सावलीला खळ लावणारी नायिका लिहायला तुम्हीच आहात. दुसऱ्या मित्राचे म्हणणे मात्र इतक्या सहज टाळण्यासारखे नाही. विणकरांच्या खऱ्या आयुष्यावर मराठीत लिहिले जायला हवे आणि ते तुम्ही लिहू शकता. प्रश्न असा आहे की आज, या वेळी, तुम्हाला ते लिहिता येईल का. सरळ वास्तव लिहायचे तर बाबांची गोष्ट त्यांच्या गल्लीसकट, कर्जासकट आणि माग विकल्याच्या दिवसासकट उघड्यावर येईल, आणि त्यांनी त्याला होकार दिलेला नाही. काल्पनिक देशात त्यांच्या दुःखाला आडोसा मिळतो. तो आडोसा पळपुटेपणा आहे की नाही, हे ओळखण्याचा माझा निकष साधा आहे: त्या देशात कोणाला काही लागते का, कोणाचे काही परत न मिळण्यासारखे जाते का? सध्याच्या शेवटात एका रात्रीत सगळे भरून निघते, म्हणून मित्राला तसे वाटले असावे. ज्या कामाला हजार हातांना वर्ष लागले असते ते नायिकेने एका रात्रीत केले, तर त्या हजार हातांची किंमत शून्य झाली, आणि बाबांसारख्या वाचकाला ते आधी जाणवते. नगरावरचे कापड अनेकांनी मिळून, पुष्कळ दिवस लावून विणू द्या. ते अपुरे पडले तरी चालेल. नगराच्या कोणत्या भागाला सावली आधी द्यायची, हा निर्णय नायिकेला घ्यावा लागेल, आणि तोच तुमचा शेवट असू शकतो.

‘छायातंतुशिल्पी’ या नावाविषयी एक विनंती आहे. शेकडो वर्षे चाललेल्या धंद्याची नावे जिभेवर झिजून लहान होतात: कासार, तांबट, बुरूड, साळी, पिंजारी, रंगारी. तुमचे नाव एखाद्या समितीने काल ठरवल्यासारखे वाटते. रंगारी, पिंजारी यांच्या चालीवर ‘सावलारी’ असे काही होऊ शकेल. राजदरबारी कागदावर हवे तर छायातंतुशिल्पी लिहा आणि गल्लीत सावलारी म्हणा, म्हणजे कोण कुठून बोलतो आहे तेही आपोआप कळेल. हत्यारांची नावेही अशीच शोधा. नरहरी सोनारांनी आपल्या दुकानातली मूस आणि हातोडा थेट अभंगात नेला, आणि ते शब्द परमार्थ बोलतानाही सोनाराचेच राहिले. तुमच्या घरात असे शब्द आहेत. बाबांच्या पिढीबरोबर ते जाण्याआधी वहीत उतरवून घ्या, कादंबरीत वापरा अथवा न वापरा.

नियमांची चाळीस पाने फाडू नका, पण वाचकाला देऊही नका. ती तुमच्या कामाची आहेत.

या पत्रासारखी आणखीही पत्रे मला येतात. कोणी स्वप्नांची भांडी घडवणाऱ्या कुंभारावर लिहीत असते, कोणी वीज ठोकणाऱ्या लोहारावर. त्या सर्वांना सुचवावेसे वाटते ते असे की आपल्या काल्पनिक कारागिराची एकच वस्तू निवडा आणि ती कच्च्या मालापासून गिऱ्हाइकाच्या घरी जाईपर्यंत, एकही टप्पा न गाळता, फक्त स्वतःसाठी लिहून काढा. किती दिवस लागले, कोणता दिवस वाया गेला, उरलेल्या चिंध्यांचे काय केले, मजुरी कधी मिळाली, त्यातून त्या संध्याकाळी घरात काय शिजले. हे लिहिताना जिथे तुमच्याकडे उत्तर नसेल तिथे एखाद्या खऱ्या कारागिराच्या दाराशी जाऊन बसा, पण हंगामाच्या ऐन घाईत जाऊ नका, आणि गेलात तर त्यांचा वेळ फुकट घेऊ नका. काहीतरी विकत घ्या किंवा हाताखाली काम करा. फोटो काढण्याआधी विचारा. त्यांनी सांगितलेली घरगुती गोष्ट जशीच्या तशी कादंबरीत टाकू नका, कारण नाव बदलले तरी गल्लीतले लोक ओळखतात.

आता पुन्हा बाबांकडे येते. त्यांना तुम्ही दुखावले का, या प्रश्नाचे उत्तर मी इथून देऊ शकत नाही. कदाचित थोडे दुखले असेल. बावीस वर्षे न बोललेली गोष्ट लेकीच्या तोंडून वेगळ्याच रूपात ऐकली की दुखणारच. पण तुम्ही जे करू नये असे मला वाटते ते म्हणजे त्यांची समजूत घालायला जाणे, किंवा ‘ही तुमचीच गोष्ट आहे’ असे त्यांना सांगणे. त्यांच्याकडे प्रश्न घेऊन जा, आणि प्रश्न कामाचा असू द्या. माग विकला त्या दिवसाविषयी पहिल्यांदा विचारू नका. तो दिवस त्यांना सांगायचा असेल तेव्हा ते सांगतील, आणि त्यांनी सांगितला तरी कादंबरीत घेण्याआधी परवानगी मागा. नाही म्हणाले तर घेऊ नका, तुमच्याकडे एक अख्खा देश आहे.

उन्हाळ्यात दुपारी एक ते चार गिऱ्हाईक नसते, दुकानाचे शटर अर्धे ओढलेले असते आणि कूलरसमोर बाबा एकटे बसलेले असतात, असे मी धरून चालते. रविवारी तुम्हाला सुट्टी असेल. कपाटावरचा धोटा खाली काढा, पुसू नका, तसाच घेऊन जा, आणि त्यांच्या हातात देऊन विचारा की सावलीचा धागा सुतापेक्षा निसरडा असेल तर धोट्यात काय बदल करावा लागेल. उत्तर लगेच आले नाही तर थांबा. सोबत वही ठेवा, पण ते बोलू लागेपर्यंत ती उघडू नका.